हानच्या पलीकडचा शेक किन

टॉकीजवेडा:
'एंटर द ड्रॅगन' (१९७३) न पाहिलेला माणूस या धाग्यावर फिरकणार नाही असं धरून चालतो. त्यातला हान आठवा. बेटाचा मालक, हातात पांढरं मांजर, गमावलेल्या हाताच्या जागी पोलादी नख्या आणि शेवटी आरशांच्या खोलीत ब्रूस लीशी झुंज. ब्रूस लीचं नाव पोरासोरांनाही माहीत आहे. हान ज्याने उभा केला त्याचं नाव किती जणांना सांगता येईल?

श्रेयनामावलीत ते 'शी किएन' असं येतं. हाँगकाँगचे लोक शेक किन म्हणतात. जन्म १९१३चा, म्हणजे हान साकारताना गडी साठीला आला होता. चित्रपटात तो १९४०च्या सुमाराला आला, रंगभूषेच्या खात्यात उमेदवारी करत. तिथून कॅमेऱ्यासमोर आला आणि पुढची पन्नासएक वर्षं बहुतेक वेळा नायकाच्या हातून मार खात राहिला.

माझं म्हणणं असं, की हान हे त्याचं सगळ्यात गाजलेलं काम असलं तरी सगळ्यात मोठं नाही. मोठं काम वाँग फेई-हुंग या कुंग फू गुरूवरच्या, १९४९पासूनच्या कृष्णधवल चित्रपटांत आहे, आणि आपल्याकडे ते कोणी पाहिलेलंच नाही. तुम्हाला हान कसा वाटला? आणि आयुष्यभर दुय्यम भूमिका करणाऱ्या अशा नटाचं मोठेपण कशावरून ठरवायचं? मनापासून लिहा.

शोभना_ठाणे:
पहिला नंबर माझा! हान म्हटलं की मला ते मांजरच आठवतं. धाग्याला शुभेच्छा, सविस्तर नंतर लिहिते.

विनू_सिन्नरकर:
असहमत. हान ही त्या चित्रपटाची सगळ्यात कच्ची बाजू आहे. 'वे ऑफ द ड्रॅगन'मध्ये (१९७२) रोमच्या कलोसियममध्ये चक नॉरिस समोर उभा राहतो तेव्हा ब्रूस ली हरूही शकेल असं घटकाभर वाटतं. इथे समोर साठीचे गृहस्थ. दोन लाथांत आटोपले असते. ते आटोपू नयेत म्हणून नख्या दिल्या, मग भाला दिला, मग आरसे आणले. खलनायकाला एवढे टेकू लागत असतील तर निवड चुकली म्हणायची.

पेठेतला_मंदार:
विनूभाऊ, हानकडे लढवय्या म्हणून बघताय म्हणून तसं वाटतंय. तो मालक आहे. शाओलिन मठात शिकून उलटलेला, अफू आणि बायकांचा धंदा करणारा, मारामारीसाठी पदरी माणसं ठेवणारा. त्याची भीती त्याच्या लाथेत नाहीच. रोपर या अमेरिकी स्पर्धकाला घेऊन तो आपलं संग्रहालय दाखवत फिरतो तो प्रसंग परत बघा. यजमान पाहुण्याला दिवाणखाना दाखवतो तितक्या सहजपणे छळाची हत्यारं दाखवतो. आवाज चढत नाही, चेहऱ्यावरची रेष हलत नाही. चक नॉरिसला हे जमलं असतं का?

विनू_सिन्नरकर:
संग्रहालयाचा प्रसंग मान्य. पण कुंग फूचा चित्रपट शेवटी लढाईवर तोलला जातो हो.

कराटेकाका:
मी कोल्हापुरात मुलांना कराटे शिकवतो, त्यामुळे लढाईबद्दल दोन शब्द.

पडद्यावरची मारामारी दोघांची असते आणि त्यातलं अवघड काम मार खाणाऱ्याकडे असतं. ठोसा अंगापासून वीतभर अलीकडे थांबतो. त्या क्षणी मान कुठल्या बाजूला न्यायची, किती झटकायची, वजन कुठल्या पायावरून काढायचं, पडताना खांदा आधी टेकवायचा की पाठ, हे सगळं त्याने सांभाळायचं. मान आधी वळली तर मार खोटा दिसतो. उशिरा वळली तर खरा लागतो. नायकाच्या ठोशात जोर आहे असं आपल्याला वाटतं ते मार खाणाऱ्याच्या अंगामुळे. माझ्याकडची नवी मुलं मारायला महिन्याभरात शिकतात, पडायला शिकायला वर्ष जातं.

आता शेक किन. हा माणूस नट होऊन मग कुंग फू शिकलेला नाही. चिन वू या संस्थेत त्याचं रीतसर शिक्षण झालं होतं. त्याची ठाण बघा. गुडघे वाकलेले, कंबर खाली, पाठ ताठ. हातात काठी असो वा नसो, वजन कुठे आहे ते त्याला पक्कं ठाऊक असतं. आरशांच्या खोलीत ब्रूस ली वेगाने फिरतो आणि हान जागचा फारसा हलत नाही. त्याचं वय लपवायला केलेली ती युक्ती असेलही, पण शोभते, कारण उभं राहणं खरं आहे.

पेठेतला_मंदार:
थांबा काका. चिन वू म्हणजे शांघायची १९१०ची संस्था, हुओ युआनजिया या कुंग फू गुरूच्या नावाशी जोडलेली तीच ना? 'फिस्ट ऑफ फ्युरी'मध्ये (१९७२) ब्रूस ली ज्या संस्थेच्या अपमानाचा सूड घेतो ती?

कराटेकाका:
तीच.

पेठेतला_मंदार:
म्हणजे एका चित्रपटात ब्रूस ली चिन वूचा शिष्य म्हणून लढला आणि पुढच्याच वर्षी चिन वूमध्ये खरोखर शिकलेल्या माणसाशी लढला! हे आजवर कुणी सांगितलं नव्हतं. वाचनखूण साठवली.

टॉकीजवेडा:
काका, प्रतिसाद फार आवडला. आता वाँग फेई-हुंगबद्दल लिहितो, त्याशिवाय माझा मुद्दा अर्धाच राहील.

वाँग फेई-हुंग हा खराखुरा माणूस. एकोणिसाव्या शतकातला, ग्वांगडाँगमधल्या फोशानचा. हुंग घराण्याच्या कुंग फूचा गुरू, हाडवैद्य, सिंहनृत्यात नावाजलेला. तो १९२०च्या दशकात वारला. त्याच्या आख्यायिका वर्तमानपत्री कादंबऱ्यांतून पसरल्या आणि १९४९मध्ये दिग्दर्शक वू पाँगने त्याच्यावर पहिला चित्रपट काढला. नायक क्वान तक-हिंग, कॅन्टोनीज (हाँगकाँगच्या बोलीतल्या) ऑपेराच्या रंगमंचावरचा मुरलेला नट. आणि पहिल्याच चित्रपटापासून विरुद्ध बाजूला शेक किन.

त्याआधीच्या मारामारीच्या चित्रपटांत बरीचशी हातचलाखी असायची. तळहातातून ज्वाळा निघायच्या, तलवारी आपोआप उडायच्या. वू पाँगने दक्षिणेकडची खरी कुंग फू दाखवायची ठरवली. त्यासाठी खरे जाणकार गोळा केले. लाउ चाम हा वाँगच्या लाम साई-विंग नावाच्या शिष्याकडे शिकलेला, आणि या चित्रपटांत त्याने आपल्या त्याच गुरूची भूमिका केली! त्याचा मुलगा लाउ कार-लिउंग इथेच तयार झाला आणि पुढे १९७८मध्ये 'द ३६थ चेंबर ऑफ शाओलिन'चा दिग्दर्शक झाला. पुढचा सगळा कुंग फू चित्रपट या स्वस्तातल्या, घाईघाईने उरकलेल्या कृष्णधवल चित्रपटांच्या मांडवात वाढला.

घाई किती? १९५६ या एका वर्षात वाँग फेई-हुंगचे दोन डझनांच्या आसपास चित्रपट आले. कॅन्टोनीज चित्रपटांतले कित्येक तेव्हा आठवड्याभरात चित्रित करून मोकळे व्हायचे. असं १९७०पर्यंत चाललं. गोष्टीचा साचा ठरलेला. वाँग गुरुजी शांत, उपदेश करणारे, शिष्यांना हात उचलू न देणारे. शेक किन येणार, कुणाचं दुकान बळकावणार, कुणाच्या लेकीवर डोळा ठेवणार, गुरुजींना डिवचणार. गुरुजी सहन करणार, करणार, आणि शेवटी नाइलाजाने हात उचलणार.

या साच्यात गुरुजींचा चांगुलपणा दरवेळी तसाच असतो. नवं काही आणायचं तर ते खलनायकानेच. कधी मुजोर गावगुंड, कधी गोड बोलून गळा कापणारा, कधी खरोखर तोडीस तोड असलेला पण अहंकाराने वाया गेलेला गुरू. एकाच वर्षात इतक्या वेळा तोच नट त्याच नायकासमोर उभा राहतो आणि लोक पुन्हा तिकीट काढतात, हे मला हानपेक्षा कितीतरी मोठं वाटतं.

मीरा_काउलून:
मी गेली काही वर्षं हाँगकाँगला राहते. आमच्या मजल्यावर ऐंशीच्या पुढच्या एक आजी आहेत. त्यांच्यासमोर शेक किनचं नाव काढलं आणि त्यांनी आधी त्याचं हसणंच करून दाखवलं! छाती पुढे, मान मागे, तीन टप्प्यांत चढत जाणारं ते हसणं. त्या पिढीला तो 'दुष्ट किन' म्हणूनच ठाऊक. आजींच्या सांगण्याप्रमाणे लहानपणी थिएटरात तो पडद्यावर आला की बायका मोठ्याने शिव्या द्यायच्या.

टॉकीजवेडा, तुम्ही वाँग फेई-हुंगवर थांबलात, पण त्याचं एक काम राहिलं. १९७८मध्ये टीव्हीबी वाहिनीवर 'द हेवन स्वोर्ड अँड ड्रॅगन सेबर' ही मालिका आली. त्यात शेक किनने झिये शुनची भूमिका केली. पिवळ्या केसांचा, आंधळा झालेला, ज्याचं कुटुंब त्याच्याच गुरूने मारलं असा माणूस. सूडापायी त्याने स्वतः कितीतरी निरपराधांचे जीव घेतलेत आणि आता एका मानलेल्या मुलावर जिवापाड माया करतोय. खलनायक, बाप, पश्चात्तापाने पोळलेला म्हातारा, सगळं एकाच भूमिकेत. इथले जुने लोक हानपेक्षा ही भूमिका आधी सांगतात.

विनू_सिन्नरकर:
मीराताई, माहितीबद्दल आभार. पण टॉकीजवेडा, तुमच्याच लिहिण्यातून माझा मुद्दा निघतो. वीस वर्षं तोच साचा. नट म्हणून हे बंदिवासाचं नाही का? लोकांनी शिव्या दिल्या म्हणजे भूमिका पोचली हे खरं, पण त्या माणसाला दुसरं काही करून बघायला कधी मिळालं?

अण्णा_वाईकर:
विनूराव, तुमचा प्रश्न वाचून मला निळूभाऊच दिसले.

निळू फुल्यांना गावोगावच्या बायका शिव्या घालत. माणूस प्रत्यक्षात राष्ट्र सेवा दलात घडलेला, साधा, सामाजिक कामाला पदरचे पैसे देणारा. पण पडद्यावर धोतराचा सोगा हातात धरून ते नुसते बघायला लागले की थिएटरात शांतता पसरायची. आमच्या वाईला चित्रीकरणं पुष्कळ व्हायची, त्यामुळे ही भीती मी जवळून पाहिलेली आहे. शेक किनबद्दल जे लिहिलंय ते मला त्यामुळे परकं वाटत नाही. दोघं गेलेही एकाच उन्हापावसात. शेक किन ३ जून २००९ला वयाच्या ९६व्या वर्षी, निळूभाऊ १३ जुलैला.

विनू_सिन्नरकर:
अण्णा, तुलना हृदयाला भिडली. पण निळूभाऊंना 'सामना' (१९७५) मिळाला, 'सिंहासन' (१९७९) मिळाला. हिंदुराव पाटील आणि दिगू टिपणीस ही एकाच माणसाची कामं आहेत हे सांगावं लागतं. डॉ. जब्बार पटेलांसारखा दिग्दर्शक आणि तेंडुलकरांसारखा लेखक पाठीशी होता. शेक किनला साठीपर्यंत असं कोणी भेटलं नाही, हेच तर मला खुपतंय.

मीरा_काउलून:
खुपण्यासारखंच आहे, पण त्यामागे एक कारण आहे ते सांगते. साठच्या दशकात शॉ ब्रदर्स या बड्या स्टुडिओचे मँडरिन, म्हणजे चीनच्या प्रमाण भाषेतले चित्रपट आले. रंगीत, भव्य, पैशाने भरलेले. त्यांच्यासमोर कॅन्टोनीज चित्रपट टिकेनात आणि १९७२च्या सुमाराला ते बनणंच जवळपास बंद पडलं. शेक किनची सगळी कमाई त्या भाषेतली. म्हणजे जगाने ज्या वर्षी त्याला हान म्हणून पाहिलं, त्याच्या आगेमागे त्याचं स्वतःचं घर कोसळत होतं.

आणि गंमत ऐका. १९७३मध्ये हाँगकाँगात 'एंटर द ड्रॅगन'पेक्षा जास्त गल्ला 'द हाऊस ऑफ ७२ टेनंट्स'ने जमवला. चाळीतल्या भाडेकरूंवरची, कॅन्टोनीज भाषेतली विनोदी गोष्ट. त्यानंतर कॅन्टोनीज चित्रपट पुन्हा उभा राहिला. ब्रूस ली २० जुलै १९७३ला गेला, त्याचं शहर हळहळत होतं, तरी लोक आपल्या भाषेतलं ऐकायला धावले.

शोभना_ठाणे:
चाळीतली गोष्ट ब्रूस लीवर भारी पडली हे वाचून गिरगावातल्या आमच्या मामाला फोन करून सांगितलं. तो म्हणाला, "पडणारच!"

सुनंदा_वि:
माझा साधा प्रश्न. हान इतकं स्वच्छ इंग्रजी बोलतो. शेक किनला इंग्रजी येत होतं का?

टॉकीजवेडा:
सुनंदाताई, तो आवाज त्याचा नाही. इंग्रजी आवाज 'की ल्यूक' (Keye Luke) याने दिला. ग्वांगझूमध्ये जन्मलेला, अमेरिकेत वाढलेला नट. तीसच्या दशकात चार्ली चॅन या गुप्तहेराच्या चित्रपटांत त्याचा थोरला मुलगा म्हणून गाजला आणि १९७२पासून 'कुंग फू' या अमेरिकन मालिकेत आंधळे गुरू पो झाला. त्यामुळे हानचं अंग एका दुय्यम नटाचं आणि आवाज दुसऱ्या दुय्यम नटाचा. ल्यूकने शेक किनच्या ओठांशीच नाही तर डोळ्यांशीही आवाज जुळवलाय. हान बोलताना डोळे किंचित बारीक करतो, तिथे आवाज खाली येतो.

सुनंदा_वि:
आता परत बघताना कान देऊन बघेन.

पेठेतला_मंदार:
विषय निघालाच आहे तर बोलो युंगबद्दल कोणीच कसं लिहिलं नाही? 'एंटर द ड्रॅगन'मधल्या पात्राचं नाव बोलो, तेच त्याला जन्माचं चिकटलं. शरीरसौष्ठवातून आलेला माणूस. पुढे 'ब्लडस्पोर्ट'मध्ये (१९८८) व्हॅन डॅमसमोर चाँग ली झाला तेव्हा पंधरा वर्षं लोटली होती आणि छाती तेवढीच. आमच्या गल्लीतल्या व्हिडिओ पार्लरमध्ये व्हॅन डॅमपेक्षा त्याच्यावर जास्त शिट्ट्या पडायच्या.

शोभना_ठाणे:
व्हिडिओ पार्लर म्हणताच आठवलं. आमच्या भावाने नवीन झाडूचा दांडा कापून सायकलच्या चेनने नानचाकू बनवला होता. आईने तो जप्त केला आणि त्याच्याकडून वाकून, बिनदांड्याच्या झाडूने घर झाडून घेतलं. खरी मास्टर आईच.

कराटेकाका:
शोभनाताई, आईंना आमचा नमस्कार.

मंदार, बोलोचा चाहता मीही. पण दुय्यम नटांत माझं मन युएन सिऊ-तिएनपाशी थांबतं. 'स्नेक इन द ईगल्स शॅडो' आणि 'ड्रंकन मास्टर' (दोन्ही १९७८) मधला तो पांढऱ्या झिपऱ्यांचा, लाल नाकाचा म्हातारा गुरू. पेकिंग ऑपेरातून आलेला. टॉकीजवेडांनी लिहिलेल्या त्याच जुन्या वाँग फेई-हुंग चित्रपटांत हाही बारीकसारीक कामं करायचा, लढायाही बसवायचा. साठी उलटून गेल्यावर मुलगा युएन वू-पिंग दिग्दर्शक झाला आणि त्याने बापाला ही भूमिका दिली. जॅकी चॅन तेव्हा नवखा होता. 'ड्रंकन मास्टर'मध्ये जॅकी झालाय कोण, तर तरुण वाँग फेई-हुंग! बापाने आयुष्यभर ज्याच्या गोष्टीत कडेला उभं राहून काम केलं, त्याच वाँग फेई-हुंगला तो पडद्यावर कान धरून शिकवतो. १९७९च्या सुरुवातीलाच तो वारला. यश पाहायला काही महिनेच मिळाले.

अण्णा_वाईकर:
काका, डोळ्यांत पाणी आणलंत.

विनू_सिन्नरकर:
काका, यावर प्रश्न नाही. पण मग शेक किनला त्याचा 'ड्रंकन मास्टर' कधी मिळाला? मीराताईंनी मालिका सांगितली. चित्रपटात काय?

टॉकीजवेडा:
विनू, तुमच्यासाठीच राखून ठेवलं होतं. 'द यंग मास्टर', १९८०. दिग्दर्शक आणि नायक जॅकी चॅन. शेक किन त्यात पोलिसांचा म्होरक्या आहे. खलनायक नाही! मुलाच्या भूमिकेत युएन बियाव, मुलीच्या भूमिकेत लिली ली. गैरसमजातून तो जॅकीला गुन्हेगार समजून पकडायला बघतो. सदुसष्टाव्या वर्षी तो जॅकीशी चपळाईने लढतो आणि हसवतो. तीस वर्षं ज्या भुवया उंचावून लोकांना घाबरवलं त्याच भुवया उंचावून हसवतो. लढाईचं शेवटचं जबर काम व्हांग इन-शिक या कोरियन नटाकडे आहे, त्यामुळे शेक किनवर तो भार नाही आणि तो मोकळेपणाने खेळतो.

तुमच्या पहिल्या प्रतिसादालाही माझं उत्तर यातच आहे. चक नॉरिसशी त्याची तुलना लाथांच्या जोरावर केली तर शेक किन हरणारच. पण चक नॉरिसचं काम कलोसियममधून उचलून विनोदी घरगुती प्रसंगात ठेवता आलं असतं का? शेक किनचं ठेवता येतं. नट म्हणून तो किती मोठा हे मी तिथे तोलेन.

विनू_सिन्नरकर:
'यंग मास्टर' मी पाहिलाय आणि तो पोलीस मला चांगला आठवतोय. तो आणि हान एकच हे कळलंच नव्हतं. आता हे मान्य करावंच लागेल की ओळखू न येणं हीच त्याची बाजू भक्कम करतंय. आरशांच्या खोलीबद्दलचं माझं मत मात्र कायम.

पेठेतला_मंदार:
विनूभाऊ अर्धे आले, उरलेले पुढच्या धाग्यात आणू.

शोभना_ठाणे:
नंतर लिहीन म्हटलं होतं, पण आता विचारायचंच आहे. माझी मुलगी चौदा वर्षांची, तायक्वांदो करते. तिला शेक किन कुठल्या क्रमाने दाखवू? कृष्णधवल लावलं की पळून जाते.

टॉकीजवेडा:
शोभनाताई, मग 'यंग मास्टर'पासूनच सुरू करा. जॅकी असल्यामुळे ती बसेल. तिला तो म्हातारा आवडला की 'एंटर द ड्रॅगन' लावा आणि आधी काही सांगू नका, ओळखते का बघा. वाँग फेई-हुंग मात्र अख्खा दाखवू नका, गोष्ट संथ आहे. क्वान तक-हिंग आणि शेक किनची शेवटची लढाई तेवढी काढून दाखवा.

कराटेकाका:
आणि तिला सांगा, पहिल्यांदा बघताना गुरुजींकडे बघ, दुसऱ्यांदा फक्त शेक किनच्या पायांकडे. तायक्वांदोवालीला लगेच कळेल.

मीरा_काउलून:
इथे साई वान हो भागात हाँगकाँग फिल्म आर्काइव्ह आहे. जुने कॅन्टोनीज चित्रपट तिथे जपलेत आणि अधूनमधून पडद्यावर दाखवतात. वाँग फेई-हुंगचा खेळ लागला की आजींना घेऊन जाईन आणि इथेच लिहीन. कोणी हाँगकाँगला येणार असेल तर आधी कळवा, तिकिटं काढून ठेवते.

विनू_सिन्नरकर:
मीराताई, माझं एक धरा. पुढच्या वर्षी कामानिमित्त येतोय.